पहिला डाव

मी डाव बोलतोय. पत्त्यांचा नव्हे, कुस्तीचा नव्हे, कुणाविरुद्ध रचलेलाही नव्हे. स्वयंपाकघरातला, लाकडी, लांब दांड्याचा, पातेल्यातून ताटात वाढायचा साधा डाव. हे आधीच सांगून टाकतो, कारण या एका शब्दाच्या घोटाळ्यापायी एक बाई जवळजवळ रिकामी झाली आणि मी तीस वर्षं ते बघत राहिलो. मला तोंड आहे, पण ते भरायला आणि ओतायला. आज बोलतोय तो दमलोय म्हणून. दमलं की बडबड सुटते, तसं समजा.

माझं लाकूड उंबरठ्याचं. गल्लीच्या टोकाचं एक जुनं घर पाडलं, तेव्हा त्याच्या दारातला उंबरठा सुताराने उचलून आणला. म्हणजे मी घडण्याआधीच ऐंशी वर्षं लोकांच्या पायाखाली होतो. थकवा मला जन्मापासूनच आहे म्हणा ना.

सुतार तेव्हा विशीतला होता. छपरावरून पडला होता. हाड जुळलं, पण शिडी दिसली की तो रस्ता बदलायचा. तो मावशीच्या खानावळीत आला, चार दिवस तिच्या हातचं जेवला आणि पाचव्या दिवशी शिडी चढला. त्या आनंदात त्याने मला कोरलं, तेल पाजलं आणि मावशीच्या हातात ठेवलं. ‘नवखा आहे, सांभाळून घ्या,’ म्हणाला. माझ्याबद्दल म्हणाला की स्वतःबद्दल, हे मला अजून कळलेलं नाही.

मावशीची खानावळ म्हणजे दोन खोल्या. पुढच्या खोलीत चूल, लांब टेबल आणि रस्त्यावर उघडणारी रुंद खिडकी. मागच्या खोलीत कांद्याची पोती आणि एक पलंग. शेजारी पोस्ट, समोर दवाखाना. अकरा वाजता खिडकी उघडायची, की बाहेर डबे घेऊन रांग उभी. जेवण तर सगळीकडे मिळतं. मावशीकडे लोक यायचे ते तिच्या हातगुणासाठी.

आता हातगुण म्हणजे काय ते नीट सांगतो, एकदाच सांगणार आहे. काही रांधणाऱ्यांना आपल्यातलं काहीतरी पातेल्यात उतरवता येतं. झोप, धीर, हसू, आठवण. त्यालाही पदार्थ ठरलेले असतात. झोप उतरते मंद आचेवर परतलेल्या कांद्यात. धीराला हाडांचा रस्सा लागतो आणि मिरी. हसू पातळ सुपातच टिकतं, घट्ट पदार्थात त्याचा चिखल होतो. आठवण रात्रभर भिजवलेल्या कडधान्यात मुरते. आणि ज्याला माया हवी, त्याला दुधातली लापशी.

ढवळताना ती गोष्ट मनात धरावी लागते. झोप घालायची असली की मावशी डोळे अर्धे मिटून लहानपणीच्या माळ्यावरची गादी आठवायची, आणि पातेल्यावर चक्क जांभई द्यायची. हसू घालायचं असलं की ती सुपाला विनोद सांगायची. तेच तेच चार विनोद. पंधरा वर्षं मी ते ऐकले. सूप हसायचं, मी नाही.

यात एक मेख आहे. जे स्वतःत आहे तेच घालता येतं, आणि घातलं की ते आपल्यातून जातं. दुसऱ्याला झोप वाढली की रांधणारीचा डोळा लागत नाही. ते परत मिळवायची वाट एकच. त्याच पातेल्यातला पहिला डाव, कुणालाही वाढण्याआधी, रांधणारीने स्वतः खायचा. मग गेलेलं तिच्यात परत येतं. तो पहिला डाव दुसऱ्या कुणी खाल्ला, तर त्याच्या पदरात दुप्पट पडतं आणि ती कोरडी राहते. असं का, ते मला विचारू नका. मी लाकूड आहे, लाकडाला कारणं कळत नाहीत.

मला एवढंच कळतं की हे सगळं माझ्यातून जातं. हातातून दांड्यात, दांड्यातून पातेल्यात. दर खेपेला थोडंसं माझ्यात मुरतं. लाकूड पितंच, त्याला इलाज नाही. लोकांना वाढलेली झोप, धीर, हसणी, सगळ्याचा थेंब थेंब माझ्यात साठत गेला. मी जड होत गेलो.

मावशी पहिला डाव रोज खायची, पण चोरून. खिडकी उघडायच्या आधी ती दाराकडे पाठ करायची, मला काठोकाठ भरायची आणि फुंकर घालत उभ्याउभ्या संपवायची. कुणी बघितलंच तर म्हणायची, ‘मीठ बघतेय.’ बाहेर लोक भुकेले उभे आणि रांधणारी आधी जेवतेय, हे तिला लाजेचं वाटायचं. माणसांची ही खोड पुष्कळ घरांत असते, असं मी ऐकलं आहे. जी शिजवते, तिने शेवटी खायचं, उरलं तर खायचं, आणि आधी खाल्लंच तर मिठाचं नाव सांगायचं.

मावशीच्या उतारवयात तिची भाची आली. धुलाईच्या कारखान्यात गरम पाण्याने हात सोलवटलेले, वय वीस, बोलणं तिखट. दुसऱ्याच दिवशी तिने मावशीला हटकलं.

‘मावशी, मीठ बघायला एवढा मोठा डाव लागतो?’

‘माझी जीभ जाड आहे गं,’ मावशी म्हणाली आणि पदराने तोंड पुसलं.

तिथेच सांगायला हवं होतं. मी खिळ्यावर तळमळलो. पण मावशी लाजली, आणि ती लाज पुढे तीस वर्षं महागात पडली.

भाचीच्या हाताला गुण मावशीपेक्षा जास्त. पहिल्याच महिन्यात तिने परीक्षेला घाबरणाऱ्या एका नर्सला असा रस्सा वाढला, की ती पास होऊन वरच्या डॉक्टरांशी वाद घालायला लागली. शिवाय भाचीचं नाक विलक्षण. वाफेच्या वासावरून तिला मीठ कळायचं. ‘मला चाखावं लागत नाही,’ असं ती अभिमानाने सांगायची, आणि लोक ‘वा!’ म्हणायचे. गल्लीने तिला ‘ताई’ म्हणायला सुरुवात केली ती तेव्हापासून.

दुपारी भांडी घासून झाली की मावशी आणि ताई पत्ते खेळायच्या. मावशी लबाडी करायची, ताई ती पकडायची, दोघी एकमेकींवर ओरडायच्या. ‘हा डाव माझा!’ ‘कसला तुझा, पान लपवलंस!’ मी वरून दचकायचो. एवढ्या वेळा आपलं नाव ऐकलं की कुणालाही वाटणार, आपल्यालाच बोलावतायत.

मग मावशी आजारी पडली. मागच्या खोलीतल्या पलंगावर, कांद्याच्या पोत्यांशेजारी, एका दुपारी तिने ताईचा हात धरला. श्वास पुरत नव्हता. सांगायचं पुष्कळ असावं, पण निघालं एवढंच.

‘पहिला डाव... सोडू नकोस.’

ताई रडत होती. तिच्या दुसऱ्या हातात पत्ते होते, मावशीला बरं वाटावं म्हणून आणलेले. तिने पत्त्यांकडे बघितलं आणि मान हलवली. ‘नाही सोडणार, मावशी.’

मी भिंतीवर होतो, हाकेच्या अंतरावर. अगं, मी! मी! पण कसं सांगणार?

नशीबही असं, की मावशी गेल्यावर तेराव्या का चौदाव्या दिवशी जागेचा मालक आला. म्हाताऱ्या बाईला दिलेली जागा पोरीला द्यायची नाही, महिन्याभरात रिकामी करा, म्हणाला. ताईने पदर खोचला. पाऊण तास ती त्याच्याशी भांडली, आणि शेवटी मालक स्वतःच डबा भरून घेऊन गेला. मग ती मटकन स्टुलावर बसली आणि मावशीच्या रिकाम्या पलंगाकडे बघून म्हणाली, ‘तुला कसं गं आधीच कळलं होतं? बघ, पहिला डाव नाही सोडला.’

झालं. गैरसमजावर शिक्काच बसला. पुढची तीस वर्षं ताईने भाजीवाल्याशी, पाणीवाल्याशी, पालिकेच्या माणसाशी, कुणाशीही पहिल्या फेरीत हार मानली नाही. आणि खरा पहिला डाव ती रोज अकरा वाजता खिडकीतून बाहेर देत राहिली.

तो कुणाला मिळायचा? पोस्टमनला. त्याची पहिली फेरी अकराला संपायची, म्हणून रांगेत तो नेहमी पुढे. बिचारा मनाने सरळ. पण ताईची झोप, ताईचं हसू, ताईचा धीर, सगळं दुप्पट होऊन त्याच्या डब्यात पडायचं. टपालाच्या पोत्यावर डोकं टेकलं की घोरायला लागायचा. कुत्र्यांना भ्यायचा नाही. वाईट बातमीचं पत्र असलं तरी असा हसतमुखाने द्यायचा की लोक चिडायचे. ‘माझी प्रकृतीच दणकट आहे,’ असं तो सगळ्यांना सांगायचा.

ताईचं लग्न झालं, एक लेक झाली, नवरा आजारपणात गेला. ती वर्षं मला धड आठवत नाहीत, सगळी वाफेत गेली. एवढं आठवतं, की आधी तिची झोप गेली. मग भूक. जेवायला बसली की ताटाकडे परकं असल्यासारखी बघायची. मग हसू. मावशीचे चार विनोद ती सुपाला सांगायची, पण सरकारी कागद वाचून दाखवावा तसे. लोक विचारायचे, ‘ताई, बरं नाही का?’ ती म्हणायची, ‘वय झालं.’ पन्नाशीला कसलं आलंय वय! पण माणसं दमली की वयावर ढकलतात, आणि ऐकणारेही हो म्हणतात.

लेक मात्र आईच्या बाबतीत हट्टी. समोरच्या दवाखान्यात ती केसपेपर लिहायची. तिच्या हाताला गुणबिण काही नव्हता. तिने चहा केला तरी पातेलं करपायचं. पण संध्याकाळी पाच वाजता काम सुटलं, की ती थेट खिडकीशी यायची आणि ओरडायची, ‘आई, काय ठेवलंयस?’ आणि सगळं आटलेल्या त्या बाईच्या चेहऱ्यावर तेवढ्यापुरतं काहीतरी हलायचं. ‘तुझ्यासाठी कशाला ठेवू? रोज उशीर करतेस,’ म्हणत ती झाकलेलं ताट पुढे सरकवायची. एवढीच काय ती शिल्लक उरली होती. मला वाटायचं, ही तरी राहील.

मग ती बाई आली. दुपारी दोनला, खिडकी बंद झाल्यावर. मांडीवर चार महिन्यांचं मूल, केस विंचरलेले नाहीत. मुलाचं दुपटं पुन्हा पुन्हा सारखं करत राहिली. मग म्हणाली, ‘ताई, मला याच्याकडे बघून काहीच वाटत नाही. रडतं तेव्हा उचलते, पण वाटत काही नाही. मी वाईट आहे का हो?’

‘वाईट नाहीस,’ ताई म्हणाली. ‘बस.’

तिने दूध तापवलं. लापशी टाकली. मला हातात घेतलं, आणि मी समजलो. ढवळताना ती स्वतःच्या लेकीचं बाळपण आठवत होती: तापातलं कपाळ, गोंदाने चिकटवलेला मोडका बूट, शाळेच्या पायरीवर मागे वळून न बघता आत गेलेली पाठ. सगळं माझ्यातून गेलं. इतकं जड माझ्यातून कधीच काही गेलं नव्हतं. त्या बाईने अख्खं पातेलं खाल्लं, खरवडून खाल्लं. ताईने एक घासही चाखला नाही. मग बाईने मुलाकडे बघितलं, त्याला छातीशी घट्ट धरलं आणि ती हमसून रडली. तिच्यासाठी मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू? पण मला पुढची भीतीही वाटत होती.

पाच वाजता लेक आली. ‘आई, काय ठेवलंयस?’

ताईने वर बघितलं. चेहरा शांत, सभ्य, पुसलेल्या फरशीसारखा.

‘तुम्ही किती जण आहात?’ तिने विचारलं. ‘काय वाढू तुम्हाला?’

लेकीला आधी गंमत वाटली. ती हसली. मग हसायची थांबली.

‘एकटीच आहे,’ ती म्हणाली.

त्या दिवसापासून लेक घरात ‘तुम्ही’ झाली. ताई तिच्याशी वाईट वागली नाही, तेच तर वाईट. ‘बसा ना.’ ‘तुमची छत्री राहिली.’ ‘पुन्हा या.’ मागच्या खोलीत शेजारी झोपणाऱ्या मुलीला सकाळी ‘पुन्हा या’ म्हणायची. दवाखान्यातल्या डॉक्टरांनी नाडी बघितली, डोळे बघितले, दोन बाटल्या लिहून दिल्या. लेकीनेच तो केसपेपर लिहिला. नात्याच्या रकान्यात ‘मुलगी’ लिहिताना तिची शाई फुटली, असं तिने नंतर सुताराला सांगितलं.

ताई शिजवत राहिली, पण पातेल्यात आता काही उतरेना. उतरायला आत काही हवं ना. रांग विरळ झाली. पोस्टमन एकदा डोळे चोळत आला आणि कुरकुरला, ‘ताई, परवाच्या कांद्याच्या सुपाने झोपच आली नाही हो. कुत्रंही चावलं.’

त्याच आठवड्यात सुतार फळी ठोकायला आला. आता पासष्टीचा, एका कानाने कमी ऐकणारा, पण शिडी सरसर चढणारा. लेक रजा टाकून घरीच होती. ताई खिडकीशी कांदे निवडत होती आणि पोस्टमन डबा घेऊन ताटकळला होता. फळीचे खिळे ठोकता ठोकता सुताराने विचारलं, ‘हिला झालंय तरी काय?’

‘कुणालाच कळत नाही,’ लेक म्हणाली. ‘मावशीआजीने जाताना सांगितलं होतं म्हणे, पहिला डाव सोडू नकोस. आईने आयुष्यात सोडला नाही, सगळ्यांशी भांडली. आणि आता माझ्यासाठी भांडायची वेळ आली, तर...’

‘काय सोडू नकोस?’ सुताराने चांगला कान पुढे केला.

‘पहिला डाव. पत्ते खेळायच्या ना दोघी.’

सुतार हसायला लागला. शिडीवर बसून हसला. ‘अगं, डाव म्हणजे हा! हा, खिळ्यावरचा! मावशी रोज पहिला डाव खायची, भिंतीकडे तोंड करून. मीठ बघते म्हणायची. मला चोरून सांगितलं होतं तिने, हा बनवला तेव्हाच. आतून गेलेलं त्याच्यानेच परत...’ आणि बोलता बोलता त्याचं हसू गेलं. तो शिडीवरून उतरला. ‘हिने कधी खाल्ला नाही?’

‘ती चाखतच नाही. वासावरून मीठ कळतं तिला,’ लेक म्हणाली.

खिडकीत पोस्टमनचा डबा खणकन आपटला. ‘पहिला तर रोज मी खातो,’ तो म्हणाला. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. ‘तीस वर्षं. अहो, मला काय माहीत! मला वाटलं, माझी प्रकृतीच दणकट आहे.’

सुताराने मला खिळ्यावरून काढलं, तळहातावर तोललं. ‘हा जड झालाय,’ तो म्हणाला. ‘मी केला तेव्हा निम्मासुद्धा नव्हता.’ चाळीस-पंचेचाळीस वर्षांत माझं ओझं ओळखणारा तो पहिला माणूस. रडता आलं असतं, तर मी रडलो असतो.

लेकीने ठरवलं, रविवारी आपणच शिजवायचं आणि पहिला डाव आईला वाढायचा. हाताला गुण नाही, उपयोग होणार नाही, हे तिलाही ठाऊक होतं. पण घरात नुसतं बसवेना. तिने सगळंच एका पातेल्यात टाकलं: कांदा, हाडं, कडधान्य, वर दूध. मावशीने बघितलं असतं, तर बाहेर हाकललं असतं. मीठ दोनदा पडलं, ते मी मोजलं. ढवळताना ती मला दोन्ही हातांनी धरून होती आणि मनात एकच घोकत होती, आई, आई, आई. पण तिच्यातून माझ्यात काहीच उतरत नव्हतं. गुण नाही म्हणजे नाही.

तेवढ्यात ताई उठली. तिने पिशवी घेतली, चपला घातल्या आणि दारात वळून अदबीने म्हणाली, ‘बराच वेळ झाला. मी घरी जाते आता.’

‘आई, हेच घर आहे!’

‘नाही हो, माझ्या घरी कुणीतरी वाट बघत असेल. पाच वाजता येतं ते.’

ती रस्त्यावर चालायला लागली. लेक तशीच मागे धावली, चूल पेटलेली आणि मी पातेल्यात उभा.

लाकडी डाव उकळत्या पातेल्यात विसरू नये, हे स्वयंपाकाचं पहिलं शिक्षण. लाकूड फुगतं, तडकतं. पण ते शिक्षण ज्यांना हातगुण असतो त्यांचं. कुठल्याही चांगल्या रांधणारीने मला कधी विसरलं नसतं, आणि मग मी जन्मभर ते ओझं तसंच वाहिलं असतं. लेक विसरली. अर्धा तास मी उकळलो. आधी दुखलं. मग माझ्या पोटात एक बारीक आवाज झाला, आणि मी दांड्यापर्यंत चिरलो.

इतक्या वर्षांचं साठलेलं सगळं बाहेर पडलं. ताईच्या थेंब थेंब झोपा, अर्धवट राहिलेली हसणी, मालकाशी भांडतानाचा धीर. आणि सगळ्यात शेवटी, अगदी अलीकडचं, अजून न सुकलेलं: तापातलं कपाळ, मोडका बूट, शाळेच्या पायरीवरची पाठ. मी धरून ठेवलं नाही. खरं सांगू, मला सोडायचंच होतं.

लेक आईला घेऊन आली. कशी आणली, ठाऊक नाही. बहुतेक ‘जेवून जा, मग सोडते’ म्हणाली असावी, कारण ताई पाहुण्यासारखी टेबलाच्या कडेला बसली. सुतार आला होता. दोघींना रस्त्यात बघून खिडकीबाहेर पोस्टमन, दवाखान्यातल्या दोन नर्सेस आणि ते मूल कडेवर घेतलेली बाई, सगळे येऊन थांबले होते. लेकीने मला बाहेर काढलं, चीर बघितली आणि तिच्या तोंडून ‘अरे देवा’ निघालं. तरी तिने मलाच भरलं. मी गळत होतो. चुलीपासून टेबलापर्यंत जाताना निम्मं सांडलं, तिने खाली हाताची ओंजळ धरली, हात भाजला, तरी सोडलं नाही.

‘घ्या,’ ती म्हणाली. ‘पहिला डाव.’

ताईने खिडकीकडे बोट केलं. ‘आधी त्यांना वाढा. लोक उभे आहेत. मी नंतर घेईन.’

बघा, सगळं गेलं होतं, लेक गेली होती, घर गेलं होतं. ही सवय तेवढी गेली नव्हती.

‘मला भूक नाही,’ बाहेरून पोस्टमन मोठ्याने म्हणाला. त्याच वेळी त्याचं पोट असं गुरगुरलं की नर्सेसनी मागे वळून बघितलं. ‘अजिबात नाही,’ तो म्हणाला आणि रांगेतून बाजूला झाला.

ताईचा नाइलाज झाला. तिने मला ओठांना लावलं. उरलंसुरलं सगळं प्यायली, शेवटच्या थेंबापर्यंत, कारण वाढलेलं टाकायचं नाही, हे तिला पक्कं होतं. मग बराच वेळ काही झालं नाही. लेक भाजलेला हात पदराआड धरून उभी होती. मला वाटलं, गेलं सगळं फुकट.

ताईचं तोंड वाकडं झालं.

‘अगं, मीठ!’ ती म्हणाली. ‘केवढं मीठ घातलंस तू! चाखलं नाहीस का? आणि हाताला काय झालं? बघू, इकडे ये. ये म्हणते ना तुला!’

लेक तिथेच फरशीवर बसली, आईच्या गुडघ्यांत डोकं खुपसून. ताई तिच्या केसांवरून हात फिरवत मिठाबद्दल बोलत राहिली. बोलता बोलता तिला जांभई आली.

सगळंच एका डावात परत आलं नाही. हसू यायला सहा महिने लागले, आणि तेही मावशीच्या विनोदांना नव्हे, पोस्टमनला पुन्हा कुत्रं चावलं तेव्हा. पण आता रोज अकराला ताई पहिला डाव खाते. पाठ करून नाही. खिडकीकडे तोंड करून, रांगेसमोर, फुंकर घालत, सावकाश. लोक थांबतात. सुरुवातीला एकदोघांनी नाक मुरडलं, तेव्हा ताई म्हणाली, ‘मीठ बघत नाहीये. जेवतेय.’

तो डाव मी नव्हे. सुताराने नवा केला आहे, नासपतीच्या लाकडाचा, चकचकीत. अजून काही ठाऊक नाही त्याला. माझी चीर सांधून देतो म्हणत होता, पण ताईने मला त्याच्या हातातून काढून घेतलं.

‘राहू दे. दमलाय तो.’

आता मी खिडकीत असतो. तिची झडप उघडी राहावी म्हणून खाली टेकू दिलाय माझा. अंगावर वारा लागतो. मी हलका झालोय, आतून कोरा. खिळ्यावर टांगलेला असताना मला वाटायचं, मोडलो की वाईट वाटेल. तसं काही झालं नाही.

तुमच्याकडे माझं एक मागणं आहे. तुमच्याही घरी कुणीतरी चुलीशी उभं असेल. झाकण निघालं की आधी त्या माणसाला वाढा. ते म्हणतील भूक नाही, म्हणतील नंतर बघू, म्हणतील नुसतं मीठ बघितलं. ऐकू नका. समोर बसवा आणि खाताना बघा. याला हातगुण लागत नाही.

मला टेकू लावताना ताईने माझ्या चिरेवरून अंगठा फिरवला होता आणि हळूच म्हणाली होती, ‘झोप आता तू.’ पंचेचाळीस वर्षं मी दुसऱ्यांची झोप वाहिली. माझ्यासाठीही कुणी ती बाजूला काढून ठेवील, असं कधी वाटलं नव्हतं.

खरंच डोळा लागतोय. फक्त अकरा वाजले की जरा हलवा मला. पहिला डाव कोण खातंय, ते बघितल्याशिवाय अजून चैन पडत नाही.